दार कोणी ठोकलं

१

लिफ्ट दोन मजल्यांच्या मधे अडकली आणि तिच्यात एक म्हातारा मेला, इथपर्यंत कुणाचंच दुमत नव्हतं. वाद होता तो टकटकीचा.

म्हाताऱ्याची मुलगी आमच्या चौकशी कार्यालयात आली, ती रडून आलेली दिसत नव्हती. रडायचं तिचं राहूनच गेलं होतं, जसं एखाद्याचं जेवायचं राहून जातं. खुर्चीत तिने पिशवी ठेवली, स्वतः उभीच राहिली आणि म्हणाली, "मला फक्त एवढंच सांगा. दार कोण ठोकत होतं?"

चौकशी अधिकारी म्हणजे आमच्या बाई. मी त्यांचा लेखनिक. दहा वर्षं लोकांचे जबाब लिहून घेतोय, त्यामुळे माणूस समोर बसला की आपोआप दोन रकाने पडतात: डावीकडे तो काय बोलला, उजवीकडे त्याने काय केलं. बहुतेकांचा ताळा जुळत नाही. या मुलीचा जुळला. तिला खरंच तेवढंच हवं होतं.

लिफ्टमध्ये अडकलं की लाल बटण दाबायचं. शहराच्या दुसऱ्या टोकाला एका कंट्रोल रूममध्ये घंटा वाजते, तिथला माणूस तुमच्याशी बोलतो आणि दार उघडणाऱ्यांची गाडी पाठवतो. म्हाताऱ्याने बटण दाबलं सकाळी अकरा वाजून बारा मिनिटांनी. घंटा उचलली गेली. कॉल चालला तीन मिनिटं अठ्ठावन्न सेकंद. गाडी गेलीच नाही.

बाईंनी रेकॉर्डिंग लावलं.

"हॅलो? अहो, मी अडकलोय."

पलीकडून कुणी बोललं नाही. थोड्या वेळाने आवाज आला, टक टक. बारीक, कोरडा.

"अरे, आलात का? हां, हां, इथेच आहे मी. दोन आणि तीनच्या मधे."

टक टक.

"ऐकू येतंय मला. सावकाश करा, घाई नाही. छातीत जरा भरून आलंय एवढंच. मी आपला खाली बसतो."

असं चाललं होतं. म्हातारा बोलायचा, थांबायचा, कुणीतरी टकटक करायचं, तो हुंकार द्यायचा. शेवटचं वाक्य नीट ऐकू आलं. "ठोकत राहा हो. म्हणजे कळतं मला."

त्यानंतर चारपाच टकटकी आणि कॉल बंद.

"त्यांनी परत बटण दाबलं नाही," मुलगी म्हणाली. "ओरडलेही नाहीत. जिन्यात कुणी ना कुणी ऐकलं असतं. पण त्यांना वाटलं, माणूस दाराशी आलाय, आता कशाला ओरडायचं. बाबा तसेच होते. कुणाला दोनदा हाक मारायचे नाहीत."

"डॉक्टर काय म्हणाले?"

"तासभर तरी जिवंत होते, म्हणाले." तिने पिशवीचा बंद सरळ केला. "रखवालदार म्हणतो, त्या वेळी जिन्यात चिटपाखरूही नव्हतं. मग ठोकलं कुणी?"

२

रखवालदाराला बोलावलं. हा माणूस म्हणजे बंद पेटी. अकरा ते पावणेएक तो गच्चीवर पाण्याच्या टाकीचा व्हॉल्व्ह बसवत होता, सोबत प्लंबर होता, प्लंबरने ते कबूल केलं. खाली आल्यावर लिफ्ट येईना म्हणून त्याने दाराच्या फटीतून पाहिलं.

"आणि?" बाईंनी विचारलं.

"चप्पल दिसली."

मग बाई गप्प बसल्या. ही त्यांची जुनी सवय. मनगटावर किल्लीचं घड्याळ, त्याच्याकडे बघत राहायचं आणि बोलायचं नाही. रखवालदारही गप्प बसला. त्याने एकदा छताकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. पूर्ण मिनिट गेलं असेल. त्याला काही अडचण वाटत नव्हती, मलाच खाज सुटली.

"जा तुम्ही," बाई म्हणाल्या.

"बाई, या माणसाने ठोकलं असेल तर तो विसरूनसुद्धा गेला असेल," मी म्हटलं.

"तुमचं पेन तुमच्यापेक्षा शहाणं आहे लेखनिक, त्याला बोलू द्या."

दुपारी कंट्रोल रूमच्या यंत्रवाल्याला बोलावलं. हा तिथली सगळी यंत्रं सांभाळणारा तंत्रज्ञ. बोलायला बसला की थांबत नाही आणि थांबला की झोपतो, अशा जातीचा. त्याने सांगितलं की प्रत्येक कॉलच्या दोन बाजू वेगवेगळ्या साठवल्या जातात. एक लिफ्टच्या आतली आणि एक आपली, म्हणजे हेडफोन लावून बसलेल्या माणसाची. मुलीला मिळालेल्या रेकॉर्डिंगमध्ये दोन्ही एकत्र होत्या.

"वेगळ्या करून ऐकवा," बाई म्हणाल्या.

त्याने आधी आतली बाजू लावली. म्हाताऱ्याचा आवाज, त्याचा श्वास, पंख्याची घरघर. टकटक नाही. पुन्हा लावली. नाही.

मग आपली बाजू. तिथे एक शब्द नव्हता. तीन मिनिटं अठ्ठावन्न सेकंद शुद्ध शांतता, आणि तिच्यात टक टक, टक टक.

यंत्रवाला पहिल्यांदाच बोलायचा थांबला, आणि झोपलाही नाही.

लिफ्टचं दार कुणीच ठोकलं नव्हतं. कुणीतरी शहराच्या दुसऱ्या टोकाला बसून माइकवर नख आपटत होतं.

३

कंट्रोल रूममध्ये चाळीस जागा. प्रत्येक जागेला आकडा, आणि तिथली माणसं एकमेकांना आकड्यानेच हाक मारतात. "ए सव्वीस, पेन दे." "एकतीसचं लग्न ठरलं." नावं पगाराच्या कागदावर असतात. खोलीच्या टोकाला काचेची पेटी, तिच्यात सुपरवायझर ताई. भिंतीवर मोठा आकडा: दोनशे अकरा. इतके दिवस सलग एकही घंटा न उचलता राहिलेली नाही. दोनशे चाळीस झाले की या खोलीचा करार पुढे चालू, मधे तुटला तर काम दुसऱ्या शहरातल्या खोलीला. हे सगळं बाहेरच्या दाराशी बसणाऱ्या शिपायानेच सांगितलं, न विचारता.

कॉल पडला होता चौदा नंबरवर. चौदा म्हणजे पंचविशीची मुलगी, या खोलीत दीड वर्ष. सरळ बसली, हात मांडीवर.

"मीच होते जागेवर," ती म्हणाली. "हेडफोन बिघडला. माझा आवाज जात नव्हता."

"आणि टकटक?"

"ती... माइक चालतोय का बघत होते."

"आवाज जात नव्हता, पण टकटक गेली."

ती काही बोलली नाही. बाईही बोलल्या नाहीत. घड्याळाकडे बघत राहिल्या. चौदाच्या नखाने टेबलावर टिक केलं. मग पुन्हा शांतता, पुन्हा टिक. मला वाटलं पोरगी घाबरली आहे.

"तुम्हाला कळतंय का, तुम्ही काय कबूल करताय?" बाईंनी विचारलं. "माणूस मेलाय. तुम्ही तिथे होता आणि गाडी पाठवली नाही, असं मी लिहिलं तर पोलिसांत केस होईल. नोकरीचं तर सोडाच."

"हेडफोन बिघडला तर आमच्या नियमात चौकशी होईपर्यंत निलंबन आहे," ती पाठ केल्यासारखी म्हणाली. "चौकशीत उपकरणाचा दोष निघाला तर परत घेतात."

"हा नियम कुणी सांगितला?"

"सगळ्यांना पाठ असतो."

यंत्रवाल्याने तो हेडफोन दहादा तपासला होता. बिघडलेला नव्हता. उपकरणाचा दोष निघणार नव्हता. या मुलीचे दोन्ही रकाने मी लिहिले आणि बघत बसलो. डावीकडचं वाक्य तिला तुरुंगात घेऊन जात होतं आणि ती ते धरून बसली होती.

"लेखनिक, ही खोटं बोलतेय," ती गेल्यावर बाई म्हणाल्या.

"ते दिसतंच आहे बाई. हेडफोन..."

"हेडफोनबद्दल नाही. ती जागेवरच नव्हती."

४

पंधरा नंबर म्हणजे तिच्या शेजारचा. नऊ वर्षं झाली त्याला, खोलीतला सगळ्यात जुना. पोट सुटलेलं, तोंडही सुटलेलं.

"अकरा वाजून बाराला मी दुसऱ्या कॉलवर होतो बाई, एका कुत्र्याच्या," तो म्हणाला. "खरंच सांगतो. मालकीण बाहेर, कुत्रा आत, बटण कुत्र्याने दाबलेलं. सव्वाचार मिनिटं मी कुत्र्याशी बोललो. यंत्राने मला शंभरपैकी अठ्ठ्याण्णव दिले. बायकोशी बोललो तर चाळीसच्या वर जात नाही."

त्याचं रेकॉर्डिंग होतं. तो खरंच कुत्र्याशी बोलत होता.

"यंत्र गुण देतं?"

"सगळ्याला देतं. आवाज गोड आहे का, शब्द ठरलेले आहेत का. आणि हो, तो आवाज तुमचाच आहे का. सर्दी झाली तर म्हणतं, हा माणूस तू नाहीस, आणि जागा कुलूपबंद. माझ्या जागेवरून दुसरं कुणी एक शब्द बोललं तरी माझी नोकरी गेली आणि बोलणाऱ्याचीही. म्हणून आम्ही एकमेकांच्या जागेवर तोंड उघडतच नाही."

"म्हणजे बसता, पण तोंड उघडत नाही?"

पंधराच्या लक्षात आलं की तो वाहवत गेला. बाई गप्प बसल्या. पंधराने घसा खाकरला. "हं," म्हणाला. पुन्हा गप्प. पुन्हा "हं". जणू कुणीतरी पलीकडे फोन धरून बसलं होतं.

"हे 'हं' कशासाठी?" बाईंनी सहज विचारलं.

तो हसला. "मुरलंय ते अंगात. आपल्या बाजूची शांतता चालत नाही. आत अडकलेल्या माणसाला एकटं वाटतं म्हणे. बोलायला काही नसेल तर हुंकार द्यायचा, नाहीतर माइकवर नख वाजवायचं. सात सेकंदांच्या वर गप्प राहिलात की गुण कापले. घरी मुलगी गणित सोडवत बसली की मी शेजारी 'हं, हं' करतो. ती म्हणते, बाबा, बाहेर जा."

"सात सेकंद. नेहमीच सात होते?"

"छे. हे नवीन यंत्र आलं दोन वर्षांपूर्वी, तेव्हापासून. आधीच्याला दहा चालायचे. दहा म्हणजे चैन होती हो, माणूस एक जांभई देऊन यायचा. बदलताना काय हाल झाले! पहिले दोन महिने सगळ्यांचे गुण कापले, तिघं घरी गेले. मग बोटं शिकली."

"आणि लघवीला जायचं झालं तर?"

पंधराचा चेहरा एकदम विझला.

"कामाच्या पाळीमागे आठ मिनिटं," तो म्हणाला. "बटण दाबून जायचं, यंत्र मोजतं. आठ संपली आणि तरी उठलात, तर ते जागा सोडणं. जागा सोडली की चौकशीही नाही, निलंबनही नाही. त्याच दिवशी घरी. आमच्या पुस्तकात त्याहून मोठा गुन्हा नाही."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. आता माझ्याही डोक्यात प्रकाश पडला. जागा सोडली तर लगेच हकालपट्टी. हेडफोन बिघडला तर नुसतं निलंबन. पोरीने नियमांच्या पुस्तकातली दोन कलमं समोर ठेवली आणि स्वस्तातलं उचललं. त्या पुस्तकाबाहेर एक माणूस मेला आहे आणि जग वेगळ्या पुस्तकाने चालतं, हे तिच्या हिशेबात आलंच नाही.

"मग तिच्या जागेवर होतं कोण?" मी विचारलं. "चाळीसजण आहेत. त्या चार मिनिटांत स्वतःच्या कॉलवर नसलेले अकरा. अकराच्या अकरा म्हणतील, मी नाही."

"विचारायची गरज नाही. त्या कॉलला यंत्राने गुण किती दिले, ते कागद मागवा."

कागद आला. शंभरपैकी चार. खाली कारण: शांततेची चूक, सव्वीस वेळा.

बाईंनी त्या सव्वीसवर बोट ठेवलं आणि कितीतरी वेळ उचललंच नाही.

५

ताईंना शेवटी बोलावलं. पन्नाशीच्या, केस नीट बांधलेले, खोलीतल्या प्रत्येकाचं आजारपण तोंडपाठ. मुलं त्यांना खरोखरीच्या ताईसारखं मानत होती. बत्तीसच्या आईच्या ऑपरेशनला त्या रात्रभर दवाखान्यात बसल्या होत्या, असं मला तिघांनी वेगवेगळं सांगितलं.

"चौदा गुणी मुलगी आहे," त्या म्हणाल्या. "तिला वाचवता आलं तर बघा. हेडफोनचं काही निघालं का?"

"नाही."

"अरेरे."

"तुम्ही पूर्वी इथेच बसायचात ना, हेडफोन लावून?"

"बारा वर्षं. सत्तावीस नंबर." त्यांच्या चेहऱ्यावर थोडं कौतुक आलं. "पेटीत जाऊन तीन वर्षं होतील."

"त्यानंतर कॉल घेतले?"

"सुपरवायझर कॉल घेत नाही. मला फक्त दिवे दिसतात. हिरवा, पिवळा, लाल. कोण काय बोलतंय ते ऐकू येत नाही. वेळही नसतो."

बाई गप्प झाल्या. किल्लीचं घड्याळ, मनगट, तेच सगळं. मी पेन ठेवलं. ताई शांत बसल्या होत्या, या बाईंना घाई नव्हती. मग त्यांच्या उजव्या हाताचं नख चहाच्या कपावर दोनदा वाजलं. बाई तशाच. पुन्हा वाजलं. पुन्हा.

पाचव्यांदा वाजलं तेव्हा बाईंनी मान वर केली.

"नऊ," त्या म्हणाल्या.

"काय?"

"नवव्या सेकंदाला वाजवता तुम्ही."

६

बाईंनी आवाज चढवला नाही. दुकानात कापड मोजून द्यावं तसं त्या सांगत गेल्या.

"आपल्या बाजूची टकटक मी घड्याळ लावून ऐकली. तीन मिनिटं अठ्ठावन्न सेकंदांत सव्वीस वेळा. दर नऊ सेकंदांनी एक. घाबरलेला माणूस इतक्या नेमाने ठोकत नाही. ज्याला शांतता तोडायची शिकवण आहे तोच असं ठोकतो, म्हणजे माणूस या खोलीतलाच. आता, सव्वीस वेळा ठोकलं आणि सव्वीस वेळा गुण कापले गेले. का? कारण यंत्राला सात सेकंदांत आवाज हवा होता आणि प्रत्येक वेळी तो दोन सेकंद उशिरा आला. मी तुमच्या माणसांसमोर गप्प बसून पाहिलं. चौदा सहाव्या सेकंदाला नख वाजवते. पंधरा सहाव्याला 'हं' म्हणतो, नऊ वर्षांचा जुना असून. त्याची बोटं यंत्राने कापून कापून नवीन केली. या खोलीत आज कॉल घेणारा एकही माणूस नवव्या सेकंदापर्यंत थांबू शकत नाही, कितीही ठरवलं तरी."

त्या पुढे म्हणाल्या, "नऊ सेकंद थांबणारा म्हणजे जो दहाच्या यंत्रावर शिकला आणि सातचं यायच्या आधी हेडफोन काढून ठेवला. असा माणूस एकच आहे. बाकी कुणी तीन वर्षांपूर्वी पेटीत गेलेलं नाही."

ताईंनी कप खाली ठेवला.

"सात झालेत ते माहीत आहे मला," त्या म्हणाल्या. "सूचना मीच वाचून दाखवली होती सगळ्यांना."

"डोक्याला माहीत आहे."

या वेळी कप वाजला नाही. त्यांनी उजवा हात डाव्या हाताने धरून ठेवला होता.

"चौदाची घंटा वाजत होती," ताई म्हणाल्या. "खुर्ची रिकामी. नववा, दहावा, अकरावा सेकंद. पंधराव्या सेकंदाला ती न उचललेली धरली जाते. दोनशेच्या वर दिवस झाल्यावर. चाळीसजणांची खोली आहे हो. मी धावले, हेडफोन घातला, उचललं. बोलले असते तर यंत्राने ओळखलं असतं. तिची नोकरी गेली असती. म्हटलं, मिनिटाभरात येईल ती, तोवर धरून ठेवू."

"कॉलवर माणूस बोलत होता."

"हो."

"छातीत भरून आलंय म्हणत होता."

ताई बाईंकडे बघत राहिल्या. त्यांच्या चेहऱ्यावर मला अपराध दिसेल असं वाटलं होतं. दिसलं ते वेगळंच, परीक्षेत न शिकवलेला प्रश्न यावा तसं.

"मी ऐकत नव्हते," त्या म्हणाल्या. "मी दाराकडे बघत होते, पोरगी येते का म्हणून. आणि सेकंदांकडे. आवाज येतोय एवढं कळत होतं. आवाज येतोय म्हणजे ठीक आहे, असं..." त्या थांबल्या. "मग आवाज थांबला. मी 'आत कुणी नाही' असा शेरा लावून बंद केलं आणि पेटीत गेले. ती आली, बसली. ती काही बोलली नाही, मी काही बोलले नाही. इथे विचारत नाहीत."

"गाडी?"

"गाडीचं बटण उघडायला बोलावं लागतं. 'आत माणूस आहे का' हे विचारलेलं यंत्राने ऐकलं की मग उघडतं."

"तुमच्या पर्समध्ये स्वतःचा फोन होता."

"कंट्रोल रूममध्ये फोन वापरायला बंदी आहे," ताई म्हणाल्या, आणि बोलून झाल्यावर स्वतःचंच वाक्य त्यांनी ऐकलं असावं, कारण त्यांनी पदर तोंडाला लावला.

मी लिहून घेतलं. सही करताना त्यांनी नावाऐवजी 'सत्तावीस' लिहायला सुरुवात केली होती. खोडून नाव लिहिलं.

७

खरं म्हणजे इथे कथा संपायला हवी. दोषी सापडला, निर्दोष सुटली. पण चौदा सुटली कुठून?

बाईंनी तिला आत बोलावून सांगितलं. "मृत्यूशी तुमचा संबंध नाही, असं मी लिहिणार आहे. त्यासाठी तुम्ही जागेवर नव्हता हे लिहावं लागेल."

"मग मी आजच घरी."

"हो."

"आणि आधीचा जबाब राहू दिला तर?"

"तर ताईंची कबुली आणि तुमचा जबाब, दोन्ही कोर्टात जातील. वकील खेळत बसतील. यंत्रातली नोंद तुमच्या नावावर आहे. ती कुणी पुसत नाही."

चौदा विचार करत होती. नखाचा आवाज येत नव्हता, तिने हात मांडीखाली दाबून ठेवले होते.

"ताईंचं काय होईल?"

"माझ्या हातात नाही ते."

"त्यांनी माझ्यासाठी केलं."

"काही तुमच्यासाठी. काही त्या आकड्यासाठी. किती-किती, ते त्यांनाही सांगता येणार नाही."

दार उघडं होतं. बाहेरच्या बाकावर म्हाताऱ्याची मुलगी निकालासाठी येऊन बसली होती. तिने किती ऐकलं कुणास ठाऊक. चौदाने तिला पाहिलं. तिला कुणी सांगितलं नव्हतं ही कोण, पण असे चेहरे ओळखावे लागत नाहीत.

ती उठून बाहेर गेली. मी पेन घेऊन दाराशी गेलो. हे लिहून घ्यायचं की नाही मला कळत नव्हतं. बाईंनी नको अशी मान हलवली.

"ती घंटा माझ्या जागेवर आली होती," चौदा म्हणाली. "मी तिथे नव्हते. संडासात होते. मला इन्फेक्शन आहे, दोन महिने झाले. आठ मिनिटं सकाळीच संपली होती. मी खोटं सांगितलं की मी जागेवर होते."

मुलीने मान वर केली. "आणि टकटक?"

"ती आमच्याकडूनच होती. दाराशी कुणी नव्हतं."

"कुणीच नव्हतं."

"नाही."

मुलीने हे शांतपणे घेतलं. चार दिवस ती हेच विचारत फिरत होती, आणि आता उत्तर मिळाल्यावर ते ठेवायचं कुठे, ते तिला सुचत नव्हतं.

"तुम्ही जागेवर असता तर?" तिने विचारलं.

चौदाला खोटं बोलता आलं असतं. मला वाटतं त्या क्षणी कुणीही, बाईसुद्धा, तिला दोष दिला नसता.

"उचलला असता," ती म्हणाली. "विचारलं असतं, आत माणूस आहे का. ते हो म्हणाले असते. गाडी निघाली असती. त्या भागात बारा मिनिटं लागतात."

"बारा."

"हो. कधी कधी दहा."

जिन्यावरून कुणीतरी फायली घेऊन वर गेलं. मुलगी त्याच्या पाठीकडे बघत राहिली.

"अजून दुखतं?" तिने विचारलं.

चौदाला प्रश्न कळला नाही. मग कळला.

"उभं राहिलं की दुखतं," ती म्हणाली.

मुलीने बाकावरची पिशवी उचलून खाली जमिनीवर ठेवली आणि एका बाजूला सरकली. चौदा थोडा वेळ तशीच उभी होती. मग बसली. दोघींनी एकमेकींकडे पाहिलं नाही. आत बाईंनी नवा कागद ओढून मला हाक मारली. चौदाचं खरं नाव काय, ते विचारून या, म्हणाल्या.